झोपेतला आवाज आणि आरोपीचा शोध



आजचा विषय तत्त्वज्ञानाच्या माणसाने का घेतला, असं काहींना वाटेल. विषय आहे झोपेत दात खाण्याचा. आपल्यापैकी बहुतेकांनी हा आवाज ऐकलेला आहे. मध्यरात्र असते, सगळं घर निजलेलं असतं, आणि शेजारी झोपलेलं चार-पाच वर्षांचं मूल कराकरा दात खातं. दगडावर दगड घासावा तसा तो आवाज. आपण दचकून उठतो. मूल मात्र शांत झोपलेलं. सकाळी विचारलं तर त्याला काहीच ठाऊक नसतं. मग घरातलं वडीलधारं माणूस निकाल देतं, 'पोटात जंत झालेत!'

आता यात गंमत काय आहे पाहा. ज्याचे दात वाजतात त्याला पत्ता नाही. ज्याला आवाज ऐकू येतो तो घाबरतो, आणि कारणही तोच ठरवतो. आपल्या मते या दुखण्याचा इतिहास हा बराचसा ऐकणाऱ्याच्या भीतीचा इतिहास आहे. प्रत्येक काळाने आपापला आरोपी पकडला आणि त्याप्रमाणे शिक्षा दिली. ती शिक्षा कधी कधी चुकीच्या माणसाला, नव्हे, चुकीच्या दाताला झाली.

सुरुवात ग्रीसपासून करू. हिपोक्रेटिसच्या नावावर असलेल्या रोगलक्षणांच्या ग्रंथात तापात दात करकरणं हे वेडाचं आणि मृत्यूचं चिन्ह म्हणून सांगितलं आहे. पण तिथे एक अट आहे, आणि ती फार शहाणपणाची आहे. ज्याला लहानपणापासून ही सवय नाही, त्याच्याबाबतीतच हे खरं. म्हणजे दात खाणं ही साधी सवयही असू शकते, हे त्या वैद्यांनी सुमारे चोवीसशे वर्षांपूर्वी ओळखलं होतं.

आपल्याकडे सातव्या-आठव्या शतकाच्या सुमाराचा माधवनिदान हा ग्रंथ घ्या. बालग्रहाने पछाडलेल्या मुलाची लक्षणं त्यात दिली आहेत. मूल दचकतं, रडतं, वर टक लावून पाहतं, आणि दात 'खातं'. क्रियापद तेच, 'खाद्'. आपण आजही मराठीत दात खातो असंच म्हणतो. शब्द टिकला, आरोपी बदलला. ग्रह गेला, जंत आले.

जंतांचं काय? लहान वयात जंत पुष्कळ मुलांना होतात. दात खाणंही पुष्कळ मुलांत असतं. दोन्ही गोष्टी एकाच घरात, एकाच मुलात भेटणारच. आपल्याकडे याला नाव आहे, काकतालीय न्याय. कावळा बसायला आणि ताडाचं फळ पडायला एक गाठ पडली, म्हणून कावळ्याने फळ पाडलं असं होत नाही. जंतांचं औषध जंतांसाठी जरूर द्यावं. शाळांमधून ते दिलं जातं, ते योग्यच आहे. पण गोळी दिल्यावरही दात वाजत राहिले, तर मुलाला 'अजून माती खातोस का' म्हणून दटावू नये.

विसावं शतक उजाडलं आणि आरोपी पोटातून वर सरकला. 1901 साली व्हिएन्नाचे दंतवैद्य मोरित्झ कारोयी यांनी दात आवळण्या-घासण्याचा संबंध हिरड्यांच्या विकाराशी लावला. 1907 मध्ये फ्रान्समध्ये मारी आणि पिएत्क्येविच यांनी 'ब्रुक्सोमानी' हा शब्द वापरला. दात करकरण्याचं जे ग्रीक क्रियापद, त्यातून तो आला. 1931 साली फ्रोमन यांनी 'ब्रुक्सिझम' हा शब्द वापरला, आणि कुठे? तर दातांच्या तक्रारींवर मानसोपचार कसे करावेत, या लेखात. म्हणजे आता दोन आरोपी उभे राहिले. एक वाकडा दात, दुसरं अस्वस्थ मन.

दात हातात सापडतो, मन सापडत नाही. त्यामुळे शिक्षा दाताला झाली. 1961 मध्ये मिशिगनच्या सिगर्ड रामफ्योर्ड यांनी स्नायूंच्या विद्युत नोंदी घेतल्या आणि वरखालचे दात नीट न जुळणं व मनाचा ताण, दोन्ही मिळून हे घडतं असं मांडलं. मनाचा भाग हळूहळू मागे पडला. दात घासून 'जुळवून' देण्याचे उपचार मात्र जोरात चालले. आमच्या डाव्या दाढेचा माथा असाच तरुणपणी घासला गेला. दात खाणं थांबलं नाही. दाढ मात्र गार पाण्याने अजून ठणकते. घासलेला दात परत वाढत नाही, मंडळी. हा मुद्दा लक्षात ठेवा.

1984 साली अमेरिकेत उलटा प्रयोग झाला. काही लोकांच्या दाढांवर मुद्दाम अडथळा येईल अशा टोप्या बसवल्या. सिद्धान्त खरा असता तर रात्रीचं दात खाणं वाढायला हवं होतं. बहुतेकांचं ते कमी झालं! एका प्रयोगाने सगळं ठरत नाही, पण दाताविरुद्धचा खटला तिथून डळमळला.

पुढे माँट्रियलमध्ये जिल लाविन्य आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी झोपेच्या प्रयोगशाळेत रात्र रात्र नोंदी घेतल्या. त्यात दिसलं ते असं. झोप क्षणभर हलकी होते, मेंदूच्या लहरी बदलतात, हृदयाचे ठोके वाढतात, आणि त्यानंतर जबड्याचे स्नायू लयीत आवळतात. दात शेवटी येतात. आणखी एक, दात न खाणाऱ्या सुमारे 60 टक्के निरोगी माणसांतही जबड्याची ही लय दिसते. फरक प्रमाणाचा आणि जोराचा. म्हणूनच 2018 च्या आंतरराष्ट्रीय तज्ज्ञांच्या सहमतीत, एरवी निरोगी असलेल्या माणसाचं दात खाणं हा रोग नव्हे, एक वर्तन आहे, असं म्हटलं गेलं. ते कधी हानी करतं, कधी करत नाही.

मग करायचं काय? मुलांच्या बाबतीत बहुधा वाट पाहायची. पक्के दात येता येता, किशोरवयापर्यंत, बऱ्याच मुलांचं हे आपोआप कमी होतं. पण मूल घोरत असेल, तोंडाने श्वास घेत असेल, सकाळी डोकं किंवा जबडा दुखतो म्हणत असेल, तर डॉक्टरांना दाखवा. मोठ्यांनी रात्रीचा चहा-कॉफी, तंबाखू, दारू यांच्याकडे बघावं. नैराश्यावरच्या काही औषधांनीही दात खाणं सुरू होतं, पण औषध मनानेच बंद करू नका, डॉक्टरांना सांगा. झोपेत श्वास अडकत असेल तर आधी त्याची तपासणी. दंतवैद्य दातांवर बसवायला जे रात्रीचं आवरण देतात, ते दात वाचवतं, सवय मोडत नाही. ढाल आहे ती, औषध नव्हे. आणि दिवसा आपण कामात असताना दात आवळतो, ते मात्र आपल्या हातात आहे. ओठ मिटलेले, दात सुटे, ही जबड्याची विश्रांतीची स्थिती. आत्ता ऐकता ऐकता आपले दात एकमेकांवर टेकलेत का, बघा बरं!

शेवटी एवढंच. कारण नक्की माहीत नसताना उपाय निवडायचा असेल, तर जो मागे घेता येतो तो आधी निवडावा. आवरण काढून ठेवता येतं, घासलेली दाढ परत आणता येत नाही. आणि रात्री दोन वाजता शेजारी दात वाजले, तर मुलाला हलवून जागं करू नका. त्याच्या अंगावरचं पांघरूण नीट करा आणि स्वतः झोपा. त्या घटकेला घाबरलेलं असतं ते आपलंच मन.