रायफलिंग

रायफलिंग म्हणजे बंदूक, पिस्तूल किंवा तोफ यांच्या नळीच्या आतील पृष्ठभागावर पाडलेल्या सर्पिल खाचांची रचना होय. या खाचा पाडण्याच्या प्रक्रियेलाही हीच संज्ञा वापरतात. नळीतून पुढे सरकताना गोळी या खाचांमध्ये रुतते व स्वतःच्या अक्षाभोवती वेगाने फिरू लागते. या परिवलनामुळे ती हवेत डळमळत नाही आणि नेम अचूक राहतो. मात्र गोळीला फिरवण्यासाठी नळीने तिला घट्ट पकडावे लागते आणि ही पकड प्रत्येक बारासोबत नळीची झीज करते. त्यामुळे अचूकता आणि टिकाऊपणा यांचा मेळ घालणे हा रायफलिंगच्या तंत्राचा मुख्य प्रश्न राहिला आहे. ज्या बंदुकीच्या नळीत अशा खाचा असतात तिला *रायफल* म्हणतात. ज्या नळीत त्या नसतात ती *गुळगुळीत नळी* होय. छर्ऱ्यांची बंदूक (शॉटगन) हे गुळगुळीत नळीचे परिचित उदाहरण आहे.

## तत्त्व

फिरणारा भोवरा जसा उभा राहतो, तशीच फिरणारी गोळी आपल्या अक्षाची दिशा टिकवून धरते. लांबट गोळीचा गुरुत्वमध्य व तिच्यावर हवेचा दाब ज्या बिंदूवर एकवटतो तो दाबमध्य, हे दोन्ही एकाच ठिकाणी नसतात. त्यामुळे न फिरणारी लांबट गोळी हवेत कोलांट्या खाते. पुरेसे परिवलन असल्यास हे टळते.

खाचा नळीच्या किती लांबीत एक पूर्ण वेढा घेतात, त्यास पिळाची लांबी म्हणतात. २०० मिलिमीटरमध्ये एक वेढा असलेल्या नळीतून गोळी सेकंदाला ९०० मीटर वेगाने बाहेर पडली, तर ती सेकंदाला ४,५०० म्हणजेच मिनिटाला २,७०,००० फेरे घेत असते. गोळी तिच्या व्यासाच्या मानाने जितकी लांब, तितका पीळ अधिक घट्ट लागतो. ब्रिटिश गणितज्ञ जॉर्ज ग्रीनहिल यांनी १८७९ मध्ये यासाठी एक सोपे सूत्र दिले. गोळीच्या व्यासाच्या वर्गाला १५० ने गुणून गोळीच्या लांबीने भागले असता पिळाची अंदाजे लांबी मिळते. ५.७ मिलिमीटर व्यासाच्या व २३ मिलिमीटर लांबीच्या गोळीसाठी हे उत्तर सुमारे २१२ मिलिमीटर येते.

दोन खाचांमधील उंच भागांना उंचवटे म्हणतात. दोन समोरासमोरील उंचवट्यांमधील अंतर गोळीच्या व्यासापेक्षा किंचित कमी असते, म्हणूनच उंचवटे गोळीत रुततात. खाचांची संख्या, खोली, रुंदी व पिळाची दिशा ही शस्त्रागणिक वेगवेगळी असते.

## इतिहास

युरोपात पंधराव्या शतकाच्या अखेरीस व सोळाव्या शतकाच्या प्रारंभी खाचा असलेल्या नळ्या बनू लागल्या. मात्र त्यांत गोळी ठोकून भरावी लागत असल्याने बार भरण्यास वेळ लागे. त्यामुळे त्या दीर्घकाळ शिकाऱ्यांपुरत्या राहिल्या आणि सैन्ये गुळगुळीत नळीच्या बंदुकाच वापरत. भारतातही हीच स्थिती होती. मे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांच्या सैन्याने पोर्तुगीजांकडून वसईचा किल्ला घेतला, तेव्हा दोन्ही बाजूंच्या तोफा गुळगुळीत नळीच्या होत्या. तटाला खिंडार पाडण्याचे काम प्रामुख्याने सुरुंगांनी केले.

त्यानंतर काही वर्षांतच, १७४७ मध्ये, इंग्रज गणितज्ञ बेंजामिन रॉबिन्स यांनी खाचांच्या उपयोगाची शास्त्रीय मांडणी केली. गुळगुळीत नळीतून सुटणारी गोळी नळीच्या भिंतीला घासून अनियमितपणे फिरू लागते व त्यामुळे तिचा मार्ग वळतो. खाचांमुळे मात्र तिला ठरावीक अक्षाभोवतीच फिरावे लागते, असे त्यांनी दाखवले.

### एनफिल्ड रायफल आणि १८५७

भरण्याच्या अडचणीवर १८४९ मध्ये फ्रेंच अधिकारी क्लोद-एतिएन मिनिए यांच्या गोळीने तोडगा काढला. ही गोळी नळीपेक्षा किंचित लहान असून तिचा तळ पोकळ होता. बार उडताच वायूच्या दाबाने तळ फुगे आणि गोळी खाचांमध्ये रुते. याच तत्त्वावर १८५३ च्या नमुन्याची एनफिल्ड रायफल तयार झाली. तिच्या १४.७ मिलिमीटर व्यासाच्या नळीत तीन खाचा होत्या व सुमारे १९८ सेंटिमीटरमध्ये त्यांचा एक वेढा पूर्ण होई. जुन्या मस्केटचा नेम सुमारे १०० मीटरच्या पलीकडे भरवशाचा राहत नसे. एनफिल्ड कित्येक शंभर मीटरपर्यंत परिणामकारक होती.

खाचांमध्ये दारूची काजळी साचू नये आणि गोळी नळीतून सहज खाली सरकावी यासाठी काडतुसाच्या कागदाला वंगण लावलेले असे. हे काडतूस दातांनी फाडावे लागे. वंगणात गाय व डुक्कर यांची चरबी असल्याच्या समजुतीने कंपनी सरकारच्या हिंदू व मुसलमान शिपायांत संताप पसरला आणि १८५७ च्या उठावाचे ते तात्कालिक कारण ठरले. वंगणाची गरज खाचांच्या नळीमुळेच तीव्र झाली होती.

### मेटफर्ड ते एनफिल्ड खाचा

अचूकता आणि टिकाऊपणा यांतील संघर्षाचे उत्तम उदाहरण ७.७ मिलिमीटर (.३०३) रायफलीचे आहे. १८८८ मध्ये स्वीकारलेल्या ली-मेटफर्ड रायफलीत विल्यम मेटफर्ड यांनी योजलेल्या उथळ व गोलसर कडांच्या सात खाचा होत्या. काळ्या दारूची काजळी त्यांत कमी साचे. परंतु १८९० च्या दशकारंभी कॉर्डाइट ही धूरविरहित दारू वापरात आली. तिच्या अधिक उष्ण वायूंमुळे उथळ खाचा लवकर झिजू लागल्या. म्हणून १८९५ मध्ये तेच यंत्र ठेवून चौकोनी कडांच्या पाच खोल खाचा असलेली ली-एनफिल्ड रायफल स्वीकारण्यात आली. भारतात ती इच्छापूर (पश्चिम बंगाल) येथील कारखान्यात बनत असे. ही रायफल इतकी टिकली, की २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील हल्ल्याच्या वेळीही काही पोलिसांच्या हाती .३०३ रायफलीच होत्या.

## निर्मितीच्या पद्धती

नळीसाठी सामान्यतः क्रोमियम-मॉलिब्डेनम पोलाद किंवा गंजरोधक पोलाद वापरतात. कांडीला लांब छिद्र पाडून ते गुळगुळीत केल्यानंतर पुढीलपैकी एका पद्धतीने खाचा पाडल्या जातात.

* कर्तन: सर्वांत जुनी पद्धत. नळीतून कापणीचे एक टोक फिरवत ओढतात व प्रत्येक फेरीत धातूचा अतिशय पातळ थर निघतो. काम संथ असले तरी पोलादात अंतर्गत ताण जवळजवळ निर्माण होत नाही. म्हणून स्पर्धेच्या नळ्यांसाठी ती आजही वापरली जाते.
* ब्रोचिंग: एकाच दांड्यावर क्रमाने मोठी होत जाणारी दातेरी कडी बसवलेली असतात. दांडा एकदा नळीतून ओढला, की सर्व खाचा एकत्र तयार होतात. पिस्तुलांच्या मोठ्या उत्पादनास ही पद्धत सोयीची आहे.
* बटन पद्धत: छिद्रापेक्षा किंचित मोठा, टंगस्टन कार्बाइडचा कठीण ठोकळा नळीतून दाबाने सरकवतात. येथे धातू कापला जात नाही, तर दाबला जातो. पृष्ठभाग अतिशय गुळगुळीत मिळतो. परंतु पोलादात ताण राहतो व तो उष्णतेच्या प्रक्रियेने काढावा लागतो. तो राहिल्यास नळी तापल्यावर किंचित वाकते व नेम सरकतो.
* थंड घडाई: खाचांचा उलट साचा असलेली दांडी जाड व आखूड नळीत घालतात आणि बाहेरून यांत्रिक हातोड्यांचे जलद घाव घालतात. नळी लांब व बारीक होत आतून साच्याचा आकार घेते. पृष्ठभाग घट्ट व कठीण होतो. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास जर्मनीत विकसित झालेली ही पद्धत आता लष्करी रायफलींसाठी जगभर प्रचलित आहे. यंत्रसामग्री महाग असल्याने ती मोठ्या उत्पादनातच परवडते.
* विद्युत्-रासायनिक पद्धत: विद्युत्प्रवाहाच्या साहाय्याने धातू विरघळवून खाचा तयार करतात. हत्यार धातूला स्पर्श करत नसल्याने त्यावर यांत्रिक ताण येत नाही.

पद्धतीहून वेगळा मुद्दा खाचांच्या आकाराचा आहे. *बहुभुज रायफलिंग* मध्ये टोकदार कडांऐवजी गोलसर बाजू असतात. त्यामुळे वायूची गळती कमी होते व सफाई सोपी होते. ग्लॉक पिस्तुलांत अशी रचना आढळते.

## झीज आणि टिकाऊपणा

बार उडताना रायफलीच्या नळीत वातावरणाच्या तीन ते चार हजार पट दाब निर्माण होतो व वायूंचे तापमान क्षणभर पोलादाच्या वितळणबिंदूच्याही वर जाते. सर्वाधिक झीज काडतूस बसते त्या जागेच्या लगेच पुढे, म्हणजे नळीच्या कंठाशी होते. तेथे पृष्ठभागाला सूक्ष्म जाळीदार भेगा पडतात, उंचवटे झिजतात आणि गोळी खाचांत सरळ शिरेनाशी होते. नळी फुटण्याच्या कितीतरी आधी अचूकता संपते. नळीचे आयुष्य त्यावरूनच मोजतात.

झीज रोखण्यासाठी पुढील उपाय केले जातात:

* क्रोमचा मुलामा: आतील बाजूस कठीण क्रोमियमचा थर दिल्याने उष्णता, घर्षण व गंज यांपासून संरक्षण मिळते. व्हिएतनाम युद्धाच्या प्रारंभीच्या एम-१६ रायफलींमध्ये असा थर नव्हता. दमट हवेत काडतूसकक्ष गंजून रिकामी काडतुसे अडकू लागली. त्यानंतर थर देण्यास सुरुवात झाली. थराची जाडी सर्वत्र समान राखणे कठीण असल्याने अचूकता किंचित घटते, म्हणून स्पर्धेच्या नळ्यांना तो सहसा देत नाहीत.
* नायट्राइडिंग: पोलादाच्या पृष्ठभागात नायट्रोजन मुरवून तो कठीण करतात. वेगळा थर चढत नसल्याने नळीची मापे फारशी बदलत नाहीत.
* अस्तर: काही मशीनगनच्या नळीत कंठाजवळ स्टेलाइट या उष्णतारोधक मिश्रधातूचे अस्तर बसवतात.
* ऑटोफ्रेटेज: तोफेच्या नळीवर आतून प्रचंड दाब देऊन आतील थर कायमचा ताणतात. दाब काढल्यावर बाहेरील थर त्याला आवळून धरतो व नळी अधिक दाब सोसू शकते.

## महाराष्ट्रातील संशोधन व उत्पादन

पुण्यातील पाषाण येथील आयुध संशोधन व विकास आस्थापना (एआरडीई) ही संरक्षण संशोधन व विकास संस्थेची प्रयोगशाळा आहे. भारतीय सैन्याच्या ५.५६ मिलिमीटर इन्सास रायफलीचा आराखडा येथेच तयार झाला. तिच्या नळीत सहा खाचा असून आतून क्रोमचा मुलामा आहे. नळी व काडतूस यांचा विचार एकत्र करावा लागतो. लहान शस्त्रांचा दारूगोळा पुण्याजवळील खडकी (स्थापना १८६९) आणि जळगाव जिल्ह्यातील वरणगाव येथील कारखान्यांत तयार होतो.

'अर्जुन' रणगाड्याची १२० मिलिमीटर तोफही याच आस्थापनेने विकसित केली. जगातील बहुतेक आधुनिक रणगाड्यांच्या तोफा गुळगुळीत नळीच्या असताना 'अर्जुन'ची नळी खाचांची आहे. फिरल्याने अधिक परिणामकारक ठरणारे स्फोटक गोळे त्यातून डागता येतात. याउलट चिलखतभेदी बाणासारखे गोळे पंखांनी स्थिर राहतात व त्यांना परिवलन नको असते. म्हणून त्यांच्यावर खाचांत घसरणारे कडे बसवतात, जेणेकरून कडे फिरते पण गोळा फारसा फिरत नाही.

एआरडीईने भारत फोर्ज (पुणे) व टाटा समूहातील कंपनी यांच्या सहभागाने १५५ मिलिमीटरची 'एटॅग्स' ही ओढतोफ विकसित केली. तिची नळी व्यासाच्या ५२ पट, म्हणजे सुमारे ८.०६ मीटर लांब आहे. २०१७ मध्ये चाचणीत तिने ४८ किलोमीटरच्या आसपास पल्ला गाठला. मार्च २०२५ मध्ये संरक्षण मंत्रालयाने तिच्या खरेदीचा करार केला. तोफगोळ्याभोवतीचे तांब्यासारख्या मऊ धातूचे कडे खाचांत रुतून गोळ्याला फिरवते. पोलादी गोळा स्वतः नळीला घासत नाही.

## नेमबाजी क्रीडेत

नळीच्या अचूकतेची सर्वांत कठोर कसोटी क्रीडा नेमबाजीत लागते. ५० मीटर रायफल प्रकारात दहा गुणांचे वर्तुळ केवळ १०.४ मिलिमीटर व्यासाचे असते, तर १० मीटर एअर रायफलमध्ये ते अर्ध्या मिलिमीटरचा ठिपका असते. कोल्हापूरच्या तेजस्विनी सावंत यांनी २०१० मध्ये म्युनिक येथे ५० मीटर रायफल प्रोन प्रकारात विश्वविजेतेपद मिळवले. कोल्हापूर जिल्ह्यातीलच स्वप्नील कुसाळे यांनी १ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्स प्रकारात कांस्यपदक पटकावले. या प्रकारातील ५.६ मिलिमीटरची गोळी मऊ शिशाची व मंदगती असल्याने नळी फार हळू झिजते. तेथे कर्तन किंवा बटन पद्धतीची, मुलामा नसलेली नळी चालते. प्रत्येक नळीला काडतुसांचा कोणता गट मानवतो, हे खेळाडू चाचणी घेऊन ठरवतात.

## न्यायवैद्यक महत्त्व

गोळीवर उमटलेल्या खाचांची संख्या, रुंदी व पिळाची दिशा यांवरून शस्त्राचा प्रकार ओळखता येतो. हत्याराच्या सूक्ष्म ओरखड्यांमुळे विशिष्ट नळीचाही माग काढता येतो. मुंबईतील कलिना येथील न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळेत अशी तपासणी होते. कर्तन व ब्रोचिंग यांत असे ओरखडे अधिक राहतात. थंड घडाईच्या व बहुभुज नळ्यांचा पृष्ठभाग गुळगुळीत असल्याने त्यांतून सुटलेल्या गोळ्यांची तुलना अवघड होते. ज्या सुधारणेने नळी टिकाऊ झाली, तिनेच तपासकाचे काम कठीण केले आहे.

भारतात शस्त्रास्त्र अधिनियम, १९५९ नुसार परवान्याविना अग्निशस्त्रे वा त्यांचे भाग बनवणे हा गुन्हा आहे.

## हे सुद्धा पहा

* इन्सास रायफल
* अर्जुन (रणगाडा)
* आयुध संशोधन व विकास आस्थापना
* १८५७ चा उठाव