दखनी : नाव, वर्गीकरण व संकेत

छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) व एकूण दख्खनमध्ये बोलली जाणारी इंडो-आर्य बोली. बोलणारे तिला दखनी म्हणतात. पण जनगणनेत मातृभाषा सांगताना बहुतेक जण ‘उर्दू’ सांगतात, म्हणून तिची खरी संख्या हाती लागत नाही.

नावाचा वाद मुख्यतः वारशाचा आहे. उर्दूचे अभ्यासक तिला ‘कदीम (जुनी) उर्दू’ म्हणतात. बाबूराम सक्सेना व राहुल सांकृत्यायन यांनी ‘दक्खिनी हिंदी’ हे नाव वापरले. ग्रियर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणात ती पश्चिम हिंदीतील हिंदुस्थानीखाली येते. मराठीशी असलेले तिचे नाते ‘उर्दू’ व ‘हिंदी’ या दोन्ही नावांत झाकले जाते. ‘नक्को’ हा नकार आणि जोर देणारा ‘च’ तिने मराठीतूनच उचलला आहे. मात्र तेवढ्यावरून तिला मराठीची बोली ठरवणे हेही घाईचे. क्रियापदांचा सांगाडा उत्तरेकडचा आहे.

असाच नावाचा वाद तिच्या कवींबाबतही आहे. कवी वलीला कोणी औरंगाबादी, कोणी दखनी, कोणी गुजराती म्हणतात. कवी सिराज मात्र निर्विवाद औरंगाबादी. जुन्या दखनी ग्रंथांच्या संपादनाला मौलवी अब्दुल हक यांनी औरंगाबादमधूनच, अंजुमन तरक्की-ए-उर्दू या संस्थेमार्फत, चालना दिली. वजहीचा ‘सबरस’ त्यांपैकी एक.

भाषांना संकेत देणाऱ्या आयएसओ ६३९-३ या प्रमाणकात दखनीला ‘डीसीसी’ हा उर्दूहून (‘यूआरडी’) वेगळा संकेत आहे. तिथे नोंदलेले नाव ‘डेक्कन’, म्हणजे चक्क प्रदेशाचे. भारतीय संविधानाच्या आठव्या अनुसूचीत उर्दू आहे, दखनी नाही.