सावली, घटका आणि भोंगा



काळ मुठीत ठेवणारी, तो ताणणारी, आखडणारी आणि ही कला पिढ्यान्‌पिढ्या जपणारी एखादी संघटना असावी, अशी गोष्ट कुणी लिहिली तर आपण ती गंमत म्हणून वाचू. मी म्हणतो, गोष्ट कशाला? ही संघटना गावोगाव होती. तिला वतन होतं. जोशीपण म्हणायचे तिला.

जोश्याची कला खरी कला होती, ते नाकारू नका. तांब्याच्या वाटीला तळाशी बारीक भोक. वाटी पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटका, म्हंजे २४ मिनिटं. अशा ६० घटकांचा दिवस. बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक महिना वाढवायचा, मधेच एखादी तिथी गाळायची. चंद्रसूर्याचा हिशेब जुळवायला हे लागतंच, त्यात लबाडी नाही. लबाडी पुढं आहे. हिशेब दुसऱ्या कुणाला शिकवायचा नाही. पेरणी कधी, लग्न कधी, ते आपण विचारायचं आणि वर दक्षिणा द्यायची. म्हारवाड्यातल्या लग्नाला भटजी लांब उभा राहून मंत्र म्हणायचा. विटाळ माणसाचा, पैशाचा नव्हे. १८७३ साली जोतीरावांनी सत्यशोधक समाज काढला, भटाशिवाय लग्नं लावली, तेव्हा जोशी कोर्टात गेले ते हक्काची दक्षिणा बुडाली म्हणून.

पेशवाईत तर घड्याळ आमच्या अंगावरच बांधलं होतं. दुपारी तीनपासून सकाळी नऊपर्यंत महार-मांगांनी पुण्याच्या वेशीच्या आत यायचं नाही. का, तर त्या वेळात सावली लांब पडते. गो. स. घुर्ये यांनी हे नोंदवून ठेवलंय. दिवसाचे २४ तास, त्यातले आमच्या वाट्याला सहा.

पेशवाई १८१८ ला बुडाली. त्यानंतर ३५ वर्षांनी, १६ एप्रिल १८५३ रोजी, बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी सुटली. किती वाजता? दुपारी साडेतीनच्या सुमाराला. म्हंजे ज्या वेळेला पुण्याची वेस आम्हाला बंद झालेली असायची, त्याच वेळेला. १ मे १८५४ ला गाडी कल्याणला पोचली. इंजिन कुणाची सावली मोजत नव्हतं. इंजिनाला एवढं श्रेय मी देतो, जास्त नाही. कारण गाडी चालवणारी माणसं तीच होती. १९०१ साली मसूर स्टेशनवर भीमराव नावाचा पोरगा भावंडांबरोबर उतरला, तेव्हा जात कळताच स्टेशनमास्तर मागे सरला. महारांना न्यायला एकही गाडीवान तयार होईना. पोरं तिथंच ताटकळत बसली. गाडी वेळेवर आली होती.

रेल्वेनं आपली वेळही आणली. आधी मद्रासची, मुंबईच्या सूर्याच्या अर्धा तास पुढं. फलाटावरचं घड्याळ आणि वस्तीवरचा सूर्य यांचा मेळ बसेना. मग १ जानेवारी १९०६ पासून देशभर एक वेळ, मुंबईत काटा ३९ मिनिटं पुढं. शिकल्यासवरल्या मंडळींनी सभा घेतल्या, पत्रं लिहिली. जेकब ससून गिरणीतल्या कामगारांनी मात्र काम बंद पाडलं. काटा पुढं सरकवला म्हंजे अंधारात उठून निघायचं, हे त्यांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

इथं ठाण्याच्या माणसाचं नाव घेतलं पाहिजे. नारायण मेघाजी लोखंडे. १८४८ चा जन्म, ठाण्यातला. फुलमाळी, जोतीरावांचा साथी, ‘दीनबंधु’चा संपादक. मांडवीच्या गिरणीत स्टोअरकीपर होता, म्हंजे भोंगा त्यानं आतून ऐकला होता. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यानं साडेपाच हजार सह्यांचं निवेदन तयार केलं. रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विसावा, सकाळी साडेसहाच्या आधी काम नाही, सूर्यास्तानंतर काम नाही. १० जून १८९० ला गिरणीमालकांनी रविवार कबूल केला. सहा वर्षं लागली एका वाराला! जोश्याच्या पंचांगातला वार फुकट मिळतो, हा भांडून घ्यावा लागला. आज ठाण्या-कल्याणात रविवारी मटण आणायला निघालेल्या माणसाला लोखंडे कोण ते विचारा.

तरी गिरणीत आपली जागा कुठली होती, तेही लिहायला हवं. विणखात्यात अस्पृश्याला मज्जाव, कारण तिथं धागा तोंडानं ओढावा लागे. लाल बावट्याच्या संपातसुद्धा हा प्रश्न बाबासाहेबांनाच विचारावा लागला. पुढं ते व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री झाले आणि १९४६ च्या कारखाना दुरुस्ती कायद्यानं आठवडा ५४ तासांवरून ४८ वर आला.

हे सगळं आत्ता उकरून काढतोय त्याला कारण आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळानं कारखान्यातला दिवस ९ तासांवरून १२ तासांपर्यंत वाढवायला मंजुरी दिली. आठवड्याचे ४८ तास कागदावर तसेच ठेवून! अंबरनाथ, डोंबिवलीच्या एमआयडीसीतल्या कंत्राटी पोराला विचारा, कागद कोण वाचतो. कल्याणच्या पुढून पहाटेची लोकल धरणाऱ्यानं हे तीन तास कुठून काढायचे? झोपेतून काढायचे की पोरांच्या अभ्यासातून?

पुढच्या अभ्यासवर्गाला १८८४ च्या मागण्या आणि हा निर्णय शेजारीशेजारी ठेवून वाचू. येताना पाळीवरच्या दोघातिघांना बरोबर आणा. वेळ त्यांच्या सोयीची ठेवू.