पेरादीचं कूळ

बनात भरलेला जॅम भट्टीत पातळ होऊन बाहेर येता कामा नये. नाताळच्या आसपास सावंतवाडी-वेंगुर्ल्याकडे घरी गोड बन भाजताना पिकल्या आंब्याचा जॅम भरला, तर तो शिवणीतून पाझरतो आणि ट्रेला लागून करपतो. गोव्याकडची पेराद भरली, तर जागची हलत नाही. या एका फरकाचा माग काढत गेलं की पेरूच्या नावापर्यंत पोचता येतं.

बनाच्या पिठाचा इतिहास सगळ्यांना ठाऊक आहे: पाव पोर्तुगीजांबरोबर आला आणि यीस्टच्या जागी इथली माडी वापरून तो फुगवला गेला. खरी गोष्ट सारणाची आहे.

पेरू शिजवायचे, गर चाळणीवर घासून बिया काढायच्या, गराच्या वजनाइतकी साखर घालून कढईच्या कडा सोडेपर्यंत आटवायचा, मग तूप लावलेल्या ताटात थापून वड्या पाडायच्या. ही झाली पेराद. पोर्तुगालात हीच कृती मार्मेलु नावाच्या फळाची करतात, तिचं नाव मार्मेलादा. इंग्रजांचं मार्मालेड या नावावरूनच आलं. मार्मेलु आपण फळ म्हणून पाहिलेलं नसतं, पण त्याच्या बिया काष्ठौषधीच्या दुकानात बिहीदाणा म्हणून मिळतात. या झाडाला हिवाळ्यातली थंडी लागते; कोकणपट्टीत ते कुठून येणार? पोर्तुगीजांनी ब्राझीलमध्ये त्याच्या जागी पेरू घातला, गोव्यातही घातला. दोन्ही फळांत पेक्टिन भरपूर असतं, त्यामुळे दोन्ही फक्त साखरेवर सुरीने कापता येतील इतकी घट्ट होतात. पिकल्या आंब्यात ते कमी; आंबा आपण उन्हात वाळवून त्याची पोळी करतो. चेक लोक बुख्टी नावाचे बन ट्रेमध्ये एकमेकांना चिकटवून भाजतात, थेट आपल्या लादीपावासारखे. त्यांतही आलुबुखाराचा आटवून आटवून घट्ट केलेला गर भरतात. भट्टीचा नियम सगळीकडे एकच.

आता नाव. पेरू हे नाव दक्षिण अमेरिकेतल्या पेरू देशावरून आलं, असं सर्रास सांगितलं जातं. फळ अमेरिकेतलं, त्या देशातही पूर्वापार पिकणारं, आणि पोर्तुगीज भाषेत टर्की कोंबडीला त्या देशावरून 'पेरू'च म्हणतात, तेव्हा हा तर्क पोकळ नाही. तरी मला तो पटत नाही. पेरू देश स्पेनच्या ताब्यात होता, पोर्तुगीजांची वसाहत ब्राझील; आणि ते स्वतः या फळाला 'गोयाबा' म्हणतात. कोकणीत फळाचं नाव 'पेर' आहे, शेवटी 'ऊ' नाही. 'पेरा' म्हणजे पोर्तुगीज भाषेत नासपती, आणि नासपतीच्या आटवलेल्या गोडाला खुद्द पोर्तुगालात 'पेरादा' म्हणतात. गोव्यात मार्मेलु नव्हता, नासपतीही नव्हती. नासपतीच्या आकाराचा पेरू होता. गोड पदार्थाचं तयार नाव त्याला चिकटलं, असं मी ठामपणे म्हणेन. हा आकार वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसलाही दिसला होता: 1762 मध्ये त्याने पेरूच्या एका प्रकाराला 'पायरिफेरम', म्हणजे नासपती धरणारा, असं नाव दिलं. आणि विदर्भाकडे पेरूला जाम किंवा जांब म्हणतात, ते आपल्या जुन्या जांबाच्या फळावरून. नव्या फळाला ओळखीच्या फळाचं नाव द्यायची रीत दोन्हीकडे सारखी.

मराठीतला शेवटचा 'ऊ' मात्र उरतोच. लिंबू आणि काजू यांच्या पंगतीत बसताना 'पेर'चा 'पेरू' झाला, असा माझा अंदाज आहे. देशाच्या नावाची बाजू घेणाऱ्यांचा सगळा भार या एकाच अक्षरावर आहे, आणि पेरादीसमोर तो पुरा पडत नाही.

बन करायचेच असतील तर पेरादीची सुपारीएवढी वडी पिठाच्या गोळ्यात ठेवा, शिवण खाली करा, दुसऱ्यांदा फुगू द्या आणि 180 अंशांवर वीसेक मिनिटं भाजा. आणि सिंधुदुर्गात तुमच्या घरची वडीलधारी माणसं या फळाला 'पेर' म्हणतात की 'पेरू', ते गावाच्या नावासह लिहून ठेवा. 'ऊ' कुठल्या गावापासून सुरू होतो, हे अशा नोंदींवरूनच ठरेल.