शालूचे नाव आणि खेळातले सोंग

महाराष्ट्रातल्या लग्नघरी शालू म्हटला की बनारस आठवते. पण एका गावाचे नाव कापडाला कसे जडले, हे आपण सहसा विचारीत नाही. वाराणसीच्या मदनपुरा, अलईपुरा ह्या मोहल्ल्यांत नक्शाबंदाने नक्षी बांधावी, विणकराने खड्डामागावर बसून एकेक बुट्टी स्वतंत्र विणावी, आणि अशा ‘कढुआ’ कामाच्या एका साडीला कित्येक आठवडे लागावेत. ह्या कष्टांतून नावाला मोल आले, आणि मोल येताच इतरांनी ते उचलले. यंत्रमागावरचे स्वस्त कापड ‘बनारसी’ म्हणून विकले जाऊ लागले. हातमागावर पोट असलेल्या घरांची ओढाताण झाली. अखेर २००९ साली बनारसी साड्यांना भौगोलिक निर्देशनाची नोंदणी मिळाली. वाराणसी धरून सहा जिल्ह्यांबाहेर विणलेल्या मालाला ते नाव लावणे कायद्याने निषिद्ध ठरले.

नावाच्या उसनवारीचा दुसरा एक तंटा अमेरिकेत झाला, तो मात्र खेळावरून. २००४ साली ‘सिटी ऑफ हीरोज’ हा संगणकावरचा खेळ निघाला. त्यात खेळणाऱ्याने आपला वीर आपणच घडवावयाचा. अंगकाठी, रंग, वेष, नाव, सारे त्याच्या मर्जीचे. साहजिकच ‘हल्क’सारखे हिरवे, बलदंड वीर त्यात घडविता येत. ‘मार्व्हल’ ह्या प्रकाशनसंस्थेने त्याच वर्षी खेळाच्या चालकांवर दावा लावला. गंमत अशी की, पुराव्यादाखल दाखविलेली काही सोंगे खुद्द मार्व्हलच्याच माणसांनी घडविलेली निघाली! २००५ मध्ये न्यायालयाने ते पुरावे वगळले, काही मागण्याही फेटाळल्या. वर्षअखेर तडजोड झाली आणि वीर घडविण्याची मुभा होती तशीच राहिली.

दोन्हीकडे नाव दुसऱ्याचेच. खेळाचा चालक वर्गणी घेत होता, तेव्हा मार्व्हलची तक्रार अगदीच पोकळ म्हणता येणार नाही. तथापि बहुरूप्याने शंकराचे सोंग आणले म्हणून विश्वेश्वराचे काही उणे होत नाही. आवडत्या वीराचे रूप घेणारा खेळाडू अशा बहुरूप्याच्याच जातीचा. नकली शालू विकणारा मात्र विणकराच्या कित्येक आठवड्यांचे मोल हिरावून नेतो. म्हणून, श्रोतेहो, नाव कोणी घेतले एवढ्यावर न थांबता, त्यापायी कोणाच्या ताटातला घास गेला, हे पाहणे अगत्याचे आहे.