वास्तवाचा उजेड : सुब्रत मित्र यांचे छायालेखन

भारतीय चित्रपटातील वास्तववादाची चर्चा बहुधा कथानक, प्रत्यक्ष स्थळी केलेले चित्रीकरण आणि नवखे नट यांच्याभोवती फिरते. प्रकाश मात्र गृहीत धरला जातो. सत्यजित राय यांचे आरंभीचे छायालेखक सुब्रत मित्र (१९३०-२००१) यांची कारकीर्द या गृहीताची फेरतपासणी करावयास लावते.

झाँ रन्वार यांच्या ‘द रिव्हर’चे बंगालमधील चित्रीकरण मित्र यांनी बारकाईने पाहिले होते. मात्र १९५२ मध्ये ‘पथेर पांचाली’च्या कामास प्रारंभ झाला, तेव्हा त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा कधी हाताळलेला नव्हता. ‘अपराजितो’त (१९५६) बनारसमधील घराचे अंगण उघड्यावर उभारण्याचा बेत होता. पावसाच्या धास्तीने कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी ते कलकत्त्यातील स्टुडिओत उभारले. अशा अंगणात उजेड आकाशातून झिरपतो. त्याला ठाम सावली नसते. स्टुडिओतील दिव्यांनी तो साधणार नाही, असा वाद मित्र यांनी राय आणि चंद्रगुप्त यांच्याशी घातला. तो व्यर्थ ठरला. तेव्हा त्यांनी नेपथ्यावर आकाशाच्या जागी पांढरे कापड ताणले आणि खालून सोडलेले झोत त्यावरून परावर्तित केले.

प्रेक्षकाला ते अंगण खरे वाटते, ते कॅमेऱ्याने वास्तव टिपले म्हणून नव्हे. वास्तवाची एक खूण नेमकी रचली गेली म्हणून. वास्तववाद ही अनुकृती नसून संकेतव्यवस्था आहे, हे कादंबरीच्या समीक्षेला परिचित असलेले प्रमेय येथे कापडाच्या एका पट्ट्यावर सिद्ध होते. ‘चारुलता’त (१९६४) हाच मृदू उजेड एका सुखवस्तू घरातील स्त्रीच्या रित्या दुपारीचा आशय होतो.

‘चारुलता’पासून राय स्वतः कॅमेरा चालवू लागले आणि ‘नायक’नंतर (१९६६) हे सहकार्य संपले. मित्र यांनी जेम्स आयव्हरी यांचा ‘शेक्सपिअर वाला’ (१९६५), बासू भट्टाचार्य यांचा ‘तीसरी कसम’ (१९६६) असे चित्रपटही चित्रित केले. ‘न्यू देल्ही टाइम्स’साठी (१९८६) त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

दिग्दर्शकालाच चित्रपटाचा कर्ता मानणारी समीक्षा ‘अपराजितो’चा उजेड रायशैलीच्या खाती जमा करते. परंतु तो उजेड दिग्दर्शकाशी झालेल्या मतभेदातून, छायालेखकाने हरलेल्या वादातून जन्मला. कर्तृत्वाची कल्पना एकवचनी ठेवली, तर शैलीची ही उत्पत्ती समीक्षेच्या नजरेआडच राहते.