माळ्यावरची आयजीआयची सीडी आजच्या लॅपटॉपवर का चालत नाही? आणि चालवायची कशी?

जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या आसपास जातो. अशा उन्हाळ्यात पत्र्याखालच्या माळ्यावर वीस वर्षं पडून राहिलेली एक सीडी डोळ्यांसमोर आणा. वर मार्कर पेनाने लिहिलेलं, 'आयजीआय + व्हाइस सिटी'. कंपनीची नाही, कुणीतरी राइट करून दिलेली. पुण्याला नोकरी करणारा पोरगा सुट्टीत घरी येतो, ती खाली काढतो, तेव्हा कळतं की नव्या लॅपटॉपला सीडी घालायची जागाच नाही. बाहेरून ड्राइव्ह जोडला तर सीडी फिरते, पण गेम काही सुरू होत नाही.

खान्देशातल्या एका पिढीची कॉम्प्युटरशी ओळख अशाच सीड्यांमुळे झाली. एमकेसीएल २००१ मध्ये सुरू झाली, तिचा एमएस-सीआयटी कोर्स तालुक्याच्या गावापर्यंत पोहोचला आणि अमळनेर, चाळीसगाव, शिरपूर, दोंडाईचा अशा गावांत कॉम्प्युटर क्लासचे बोर्ड लागले. एक्सेल शिकायला गेलेली पोरं सर बाहेर गेले की रोड रॅश उघडायची. पुढे सायबर कॅफे आले. आता त्या पिढीला तेच गेम पुन्हा खेळायचेत, आणि नेमकी इथेच गडबड होते. गूगलवर पहिली जी लिंक दिसेल तिथून गेम उतरवला जातो, तोही त्याच लॅपटॉपवर ज्यावर नेट बँकिंग चालतं आणि दुकानाचं जीएसटी रिटर्न भरलं जातं.

खरं तर बहुतेक वेळा गेम बिघडलेला नसतो. त्याच्या आजूबाजूचं विंडोज बदललेलं असतं. आणि ते काय बदललं, हे गेम कोणत्या सालचा आहे यावर ठरतं. त्यामुळे 'जुने गेम चालवायची एकच ट्रिक' असा व्हिडिओ दिसला तर तो सोडून दिलेला बरा.

आधी सीडी वाचवा

घरी राइट केलेल्या सीडीत माहिती एका रंगद्रव्याच्या थरात साठवलेली असते. ऊन आणि उष्णता हे त्या थराचे शत्रू. म्हणजे खान्देशातला माळा ही सीडी ठेवायची सगळ्यात वाईट जागा. सीडी अजून वाचली जात असेल तर यूएसबीला जोडायचा डीव्हीडी ड्राइव्ह घेऊन तिची आयएसओ फाइल बनवून ठेवावी. विंडोज १० आणि ११ मध्ये अशा फाइलवर डबल क्लिक केलं की ती सीडी घातल्यासारखीच उघडते.

जुना पेंटियम फोर घरात असेल तर तो भंगारात द्यायची घाई नको. सुरू केल्यावर तारीख भलतीच दाखवत असेल तर मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपलेला असतो, तो घड्याळाच्या दुकानातही मिळतो. मशीन सुरूच होत नसेल तरी हार्ड डिस्क काढून कन्व्हर्टर केबलने लॅपटॉपला जोडता येते. व्हाइस सिटीचे सेव्ह केलेले गेम गेमच्या फोल्डरमध्ये नसतात, ते माय डॉक्युमेंट्समध्ये 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स' या फोल्डरमध्ये असतात. आणि हो, त्याच डिस्कवर घरच्या लग्नाचे फोटोही निघतात बऱ्याचदा.

डेव्ह आणि प्रिन्स : सगळ्यात जुने, सगळ्यात सोपे

डेंजरस डेव्ह आणि पहिला प्रिन्स ऑफ पर्शिया हे १९९० च्या आसपासचे डॉसवरचे गेम. ते १६-बिटचे. ६४-बिटचं विंडोज १६-बिटचे प्रोग्राम चालवतच नाही आणि विंडोज ११ तर फक्त ६४-बिटमध्येच मिळतं. म्हणून 'धिस ॲप कान्ट रन ऑन युअर पीसी' असा निरोप येतो. इथे विंडोजशी भांडण्यात अर्थ नाही. डॉसबॉक्स नावाचा फुकट प्रोग्राम आहे, तो लॅपटॉपच्या आत एक जुना डॉसवाला कॉम्प्युटर उभा करतो. गेमची फाइल ओढून त्याच्या आयकॉनवर सोडली की काम झालं. गेम फार पळत असेल तर कंट्रोल आणि एफ ११, रांगत असेल तर कंट्रोल आणि एफ १२. जुने काही गेम प्रोसेसरच्या वेगावरच चालायचे, त्यामुळे आजच्या मशीनवर ते सुसाट सुटतात.

रोड रॅश १९९६ चा, म्हणजे विंडोज ९५ च्या काळातला. या काळातले बरेच गेम स्क्रीनवर फक्त २५६ रंग धरून चालायचे, त्यामुळे आज रंग विस्कटतात किंवा स्क्रीन काळी राहते. गेमच्या फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटी. तिथे विंडोज ९५ निवडून खाली 'रिड्यूस्ड कलर मोड'मध्ये ८-बिट करून बघावं. कधीकधी गेम चांगला असतो आणि फक्त त्याचा सेटअप १६-बिटचा असतो, तेव्हा आधीच इन्स्टॉल केलेलं फोल्डर कॉपी करून आणलं तर चालून जातं. जुनी हार्ड डिस्क जपायचं हेही एक कारण.

आयजीआय, व्हाइस सिटी, क्रिकेट ०७

खरी डोकेदुखी या मधल्या काळातल्या गेमची.

आयजीआय डिसेंबर २००० मध्ये आला. नॉर्वेच्या इनरलूप स्टुडिओजने बनवला. त्याचं इंजिन मूळचं त्यांच्या लढाऊ विमानाच्या गेमचं होतं, म्हणून त्यातली मैदानं इतकी अफाट. मिशन १४, पण मिशनच्या मध्ये सेव्ह करायची सोय नाही. ज्यांनी हा गेम भारनियमनाच्या काळात धुळ्या-जळगावात खेळला त्यांना याचा अर्थ वेगळा समजावून सांगायला नको. शेवटच्या टॉवरपाशी पोहोचावं आणि लाइट जावी.

या काळातले गेम अडतात त्याची कारणं तीन-चार असतात आणि ती एकमेकांत गुंतलेली असतात. पहिलं कारण डायरेक्टएक्स. लॅपटॉपमध्ये डायरेक्टएक्स १२ आहे म्हणजे ९ आलंच, असा समज असतो. तसं नाही. ९ च्या काही जोडफाइल्स वेगळ्या टाकाव्या लागतात. 'अमुक डीएलएल सापडत नाही' असा निरोप आला की लोक ती एकच फाइल कुठल्या तरी साइटवरून उतरवतात. व्हायरसला दार उघडून देण्याचा हा खात्रीचा मार्ग. मायक्रोसॉफ्टनेच जून २०१० चा पूर्ण संच दिलेला आहे, तोच टाकावा. त्याहून जुन्या गेमसाठी डीजीवूडू २ नावाचं फुकट साधन आहे. गेम जुन्या पद्धतीने चित्र काढायला सांगतो, हे साधन ते आजच्या ग्राफिक्स कार्डला समजेल अशा भाषेत पोहोचवतं.

दुसरं कारण, गेम टाकण्याची जागा. विंडोज व्हिस्टापासून प्रोग्राम फाइल्समध्ये कुठल्याही प्रोग्रामला मनाप्रमाणे लिहिता येत नाही. जुना गेम तिथेच सेव्ह करायला जातो आणि तोंडघशी पडतो. सी ड्राइव्हवर 'गेम्स' नावाचं वेगळं फोल्डर करून त्यात टाकला की ही तक्रार मिटते.

व्हाइस सिटीची गोष्ट निराळी. तो चालतो, पण विचित्र चालतो. २००३ मध्ये पीसीवर आलेला हा गेम सेकंदाला ३० चित्रांचा हिशोब धरून बनवलेला. आजचं मशीन त्याहून कितीतरी जास्त काढतं आणि गाड्या भलत्याच वागू लागतात. डिस्प्लेच्या सेटिंगमध्ये फ्रेम लिमिटर चालू ठेवावा. सायलेंटपॅच नावाची एका चाहत्याने केलेली फुकट दुरुस्ती टाकली तर बाकीचे बरेच दोषही जातात.

आणि शेवटचं कारण म्हणजे सीडीचं कुलूप. त्या काळच्या बऱ्याच विकत घेतलेल्या सीड्यांवर सेफडिस्क नावाचं संरक्षण असायचं. त्याचा ड्रायव्हर धोक्याचा ठरला म्हणून मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये विंडोज १० मधून तो काढला आणि आधीच्या विंडोजमध्येही बंद केला. गंमत बघा, ज्यांनी पैसे मोजून अस्सल सीडी घेतली त्यांचाच गेम अडतो आणि राइट केलेल्या सीडीचा चालतो, कारण तिचं कुलूप आधीच तोडलेलं. पण कुलूप तोडलेल्या अशा फाइलवर अँटिव्हायरस ओरडतो तेव्हा ते उगाच की खरंच, हे बाहेरून सांगता येत नाही. 'अँटिव्हायरस बंद करून इन्स्टॉल करा' अशी सूचना असलेला 'हायली कम्प्रेस्ड' गेम तर कामाच्या लॅपटॉपवर कधीच घेऊ नये.

मग घ्यायचा कुठून? जीओजी ही साइट २००८ पासून जुने गेम आजच्या विंडोजवर चालतील असे दुरुस्त करून, कुलपाशिवाय विकते. स्टीमवरही पुष्कळ आहेत. एज ऑफ एम्पायर्स २ ची तर २०१९ मध्ये नवी आवृत्तीच आली. व्हाइस सिटीचं मात्र उलटं झालं. २०२१ मध्ये नवी आवृत्ती आणताना रॉकस्टारने जुनी दुकानातून काढली, लोक चिडले, मग ती आपल्या पीसी स्टोअरवर परत ठेवावी लागली. क्रिकेट ०७ या बाबतीत दुर्दैवी. २००६ च्या शेवटी आला, त्यानंतर ईएने पीसीसाठी क्रिकेटचा गेम काढलाच नाही आणि हाही ऑनलाइन दुकानात मिळत नाही. चाहते अजून त्यात नवे खेळाडू आणि नव्या जर्सी टाकतात, पण मूळ डिस्क ज्याच्याकडे असेल त्याचीच चांदी.

'जुना गेम आहे, आता फुकटच' हेही खरं नाही. भारतात प्रोग्रामवरचा कॉपीराइट ६० वर्षांच्या हिशोबाने चालतो, म्हणजे यातला एकही गेम मोकळा झालेला नाही. मात्र कायदेशीरपणे घेतलेली प्रत खराब होऊ नये म्हणून बॅकअप काढायला १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ परवानगी देतं.

मुस्तफा मुळात पीसीचा नव्हताच

गेम मागणाऱ्यांच्या यादीत 'मुस्तफा' हमखास असतो. त्याचं खरं नाव कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स. कॅपकॉमचा १९९३ चा आर्केड गेम, नाणं टाकून खेळायचा. मुस्तफा हे त्यातल्या पिवळ्या टोपीवाल्याचं नाव. कॉम्प्युटरवर जो खेळला जायचा तो एम्युलेटरमधून, म्हणजे आर्केड मशीनची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममधून. त्यामुळे त्याला वरचा एकही उपाय लागू होत नाही. मेम नावाचा एम्युलेटर आजच्या विंडोजवर सरळ चालतो, अडचण असते ती गेमची फाइल हक्काने मिळण्याची.

राहिला प्रश्न कॅफेसारखं चार-पाच मशीन जोडून खेळण्याचा. जुन्या गेममध्ये नेटवर्कसाठी दोन पर्याय दिसतात, आयपीएक्स आणि टीसीपी/आयपी. आयपीएक्स विंडोज व्हिस्टापासून गेलं, तो पर्याय निवडला तर समोरचा मित्र कधीच दिसणार नाही. टीसीपी/आयपी निवडायचं. जुना एज ऑफ एम्पायर्स असेल तर कंट्रोल पॅनेलमधल्या 'टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ'मध्ये जाऊन लेगसी कम्पोनंट्सखालचं डायरेक्टप्ले चालू करायचं. सगळे लॅपटॉप एकाच वायफायवर घेऊन ते नेटवर्क 'प्रायव्हेट' ठेवायचं, नाहीतर फायरवॉल मध्ये पडतं. एवढं करूनही कुणी दिसत नसेल, तर एखाद्याच्या मोबाइलचा हॉटस्पॉट लावून बघायचं.